ज्यांच्याकडे महिना येत नाही

आमच्या बँकेच्या शाखेत कॅश काउंटरच्या वर एक तक्ता लावलेला होता. 'आधी बचत, मग खर्च. दर महिन्याला थोडी रक्कम बाजूला काढा.' खाली चौकोनी कुटुंब आणि मातीचा गल्ला. परभणी जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी मी त्या तक्त्याखाली एकोणीस वर्षं बसले. एका वर्षी दिवाळीच्या तोंडावर सोयाबीन घालून आलेला एक शेतकरी रांगेत उभ्या उभ्या तो तक्ता मोठ्यानं वाचत होता. पाळी आली तशी स्लिप पुढे सरकवत म्हणाला, "बाई, हे दर महिन्याला म्हणायलेत. आमच्याकडं महिना येतो कुठं? आमच्याकडं दिवाळी येती आन् शिमगा येतो."

मी नोटा मोजून दिल्या. पण त्या दिवसानंतर पैशाच्या शिस्तीवरचं कुठलंही भाषण मला पूर्वीसारखं ऐकता आलेलं नाही.

'मराठवाड्यातल्या माणसाच्या हातात पैसा टिकत नाही' हे वाक्य मी नोकरीत असताना किती तरी तोंडांतून ऐकलं. पुण्या-मुंबईहून बदली होऊन आलेले साहेब म्हणायचे, वसुलीला गावोगाव फिरणारे आमचेच सहकारी म्हणायचे. आपली शिकून शहरात गेलेली मुलं तर फारच ठसक्यात म्हणतात. ज्याच्या खात्यावर एक तारखेला पगार पडतो त्याला बचत ही मनाच्या निग्रहाची गोष्ट वाटते, आणि त्याच्यापुरतं ते खरंही आहे. माझ्या समोरच्या माणसाची गोष्ट वेगळी होती. त्याच्याकडे निग्रह कमी नव्हता. वर्षानुवर्षं एकाच धोतरावर काढणारी, उसवलेल्या चपलेला तार घालून फिरणारी माणसं मी पाहिली आहेत. त्यांच्याकडे कमी होतं ते कुलूप. रक्कम हातात आली की तिच्यावर हक्क सांगणारे दहा जण उभे असतात, आणि त्या दहांना 'नाही' म्हणायची मुभा घरात कुणालाच नसते. बचतीचा प्रश्न मला तिथे दिसतो.

मोंढ्यातला, म्हणजे शेतमालाच्या बाजारातला दिवस कसा जातो ते एकदा बघावं. माल काट्यावर जातो, पट्टी, म्हणजे विक्रीच्या हिशोबाची चिठ्ठी, हातात येते. आडत्याकडून मध्येच घेतलेली उचल त्या पट्टीतच कापलेली असते. तिथून पाय कृषी सेवा केंद्राकडे वळतात, कारण जूनमधलं बियाणं, खत, फवारणीचं औषध सगळं उधारीवर आलेलं असतं आणि उधारीचा भाव रोखीपेक्षा चढाच असतो. मग शेकडा तीननं घेतलेले सावकाराचे. हे तीन टक्के महिन्याचे असतात. वर्षाचे छत्तीस होतात हे बोलताना कुणी म्हणत नाही. मग बायकोच्या नावावरचा फायनान्सच्या गटाचा हप्ता. २०२५ च्या हंगामाला सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला ५,३२८ रुपये जाहीर झाला, आणि मोंढ्यात लोकांनी त्याच्या कितीतरी खाली माल घातला, कारण थांबायला घरात काही नव्हतं. तेही ज्यांच्या रानात पीक उरलं त्यांचं. त्या सप्टेंबरात पाण्यानं रानंच्या रानं खरवडून नेली. नदीकाठच्यांना पीक तर सोडाच, माती परत आणायची होती.

आणि नवंजुनं. मार्च महिना लागला की पीक कर्ज भरून पुन्हा उचलायचं असतं, त्याला आमच्याकडे हाच शब्द. भरायला पैसे नसतात म्हणून माणूस आठ दिवसांसाठी सावकाराकडून घेतो, आमच्याकडे भरतो, नवं कर्ज मंजूर झालं की उचलून सावकाराला व्याजासह देतो. बँकेच्या कागदावर कर्ज वेळेवर फिटलेलं दिसतं. सकाळी मी मोजून घेतलेलं बंडल आठवड्यानं त्याच माणसाच्या हातात पुन्हा मोजून दिल्याचं मला आठवतं. मध्ये फक्त सावकाराचं व्याज निघून गेलेलं असे. या माणसाला कुणी 'दर महिन्याला थोडी रक्कम' सांगावी?

माझ्या आजोळी वाड्यासमोर पेव होतं. आताच्या पोरांना पेव सांगावं लागतं, म्हणून सांगते. गावच्या पांढरीत खोदलेला खड्डा. तोंड जेमतेम एक माणूस उतरेल एवढं, आत पोट मोठं. तळाला आणि कडेनं कडबा लावायचा, आत रब्बीची ज्वारी ओतायची, तोंडावर फरशी, वर माती. ओल शिरली नाही तर ज्वारी वर्षानुवर्षं राहायची. पेव उघडणं हे काम होतं. माती उकरून फरशी सरकवायची आणि लगेच कुणी आत उतरायचं नाही, कारण आतली हवा माणसाला मारते. आधी कंदील सोडायचा. कंदील विझला तर थांबायचं. चार माणसं लागायची आणि पेव उघडल्याचं सगळ्या गावाला कळायचं. म्हणून कुणाला तरी आहेर करायचाय, जत्रेला जायचंय, असल्या कारणासाठी पेव उघडत नसत. पाव्हणा दारात येऊन म्हणाला 'दोन पोती द्या', तर 'पेव उघडलेलं नाही' एवढं म्हणून भागायचं. नाही म्हणायचं ओझं माणसावर पडत नव्हतं, ते त्या फरशीवर पडत होतं.

या आठवणीनं मी हळवी होते, पण पेवाची दुसरी बाजू लपवणार नाही. पेव जमीनवाल्यांचं होतं. सालगड्याच्या घरात कणगी भरली तरी पुष्कळ. त्याला भादव्यात धान्य लागलं की तो पेवावाल्याकडे यायचा आणि सवाईनं किंवा दीडीनं घेऊन जायचा, म्हणजे एक मण घेतला की सुगीला सव्वा किंवा दीड मण परत. एकाची बचत दुसऱ्याचं कर्ज होऊन बसायची. १९७२ च्या दुष्काळात मी अकरा वर्षांची होते. आमच्या आजोळचं पेव त्या साली उघडलं, आणि गावकुसाबाहेरच्या वस्तीतली माझ्याच वयाची मुलं आईबापांसोबत खडी फोडायच्या कामावर गेली. तिथे मिळणारी सुकडी आणि मिलो नावाची परदेशी लाल ज्वारी यांची चव त्या मुलांना आजही तोंडात आहे. त्या दुष्काळी कामांतूनच महाराष्ट्राची रोजगार हमी उभी राहिली आणि १९७७ साली तिचा कायदा झाला. मागेल त्याला काम, हे माझ्या मते भूमिहीनांचं पेव होतं. ज्याच्याकडे साठवायला काहीच नाही त्याच्यासाठी सरकारनं साठवून ठेवलेलं काहीतरी. बचतीबद्दल बोलताना ही बाजू सोडली की सगळं बोलणं ज्यांच्याकडे उरतं त्यांच्यापुरतं होतं.

पेवं बुजली ती ज्वारीबरोबर. ज्वारी घरात थांबायची. खायला, जनावराला, गड्याला, सोयऱ्याला, सगळ्याला तीच. सोयाबीनची भाकरी होत नाही. रास झाली की ते मोंढ्यात जातं आणि वर्षाची सगळी मेहनत एका दुपारी नोटा होऊन खिशात येते. नोटांना फरशी नसते. आमच्या भागातल्या शेतीनं गेल्या तीस-पस्तीस वर्षांत धान्याकडून रोकड्याकडे जी उडी घेतली, तिच्यावर उत्पन्न, भाव, एकरी उतारा या अंगानं बरंच लिहिलं जातं. घरातलं साठवणीचं सगळं तंत्र त्या उडीत मोडून पडलं याबद्दल मी फारसं वाचलेलं नाही.

पैठणच्या नाथसागराची, म्हणजे जायकवाडी धरणाची, एकूण साठवण सुमारे १०२ टीएमसी (अब्ज घनफूट), त्यातला २६ टीएमसी मृतसाठा. म्हणजे धरणाच्या दारांखालचं, सहज सोडता न येणारं पाणी. नाव अशुभ आहे, पण छत्रपती संभाजीनगरानं कितीतरी कोरडे उन्हाळे याच पाण्यावर पंप लावून काढले. लातूरला पाणी देणाऱ्या मांजरा धरणात तेवढंही राहिलं नाही, तेव्हा २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं. घराचंही असंच असतं. माझ्या हिशेबानं एका पेरणीचा खर्च आणि चार महिन्यांचा किराणा एवढा मृतसाठा ज्या घरात आहे, ते घर एक वाईट साल सावकाराच्या दारात न जाता काढू शकतं. आमच्याकडच्या बहुतेक घरांचा प्रश्न तेवढाच, पहिल्या वाईट सालाचा असतो. पुढची सगळी घसरण तिथून सुरू होते.

मग आमच्याकडे कुणीच साठवत नाही का? साठवतात, आणि चिकाटीनं साठवतात. फक्त ती बचत लपलेली असते, कारण दिसली की गेली. ती बायकांकडे असते. कनवटीला, उतरंडीच्या तळच्या गाडग्यात, तुरीच्या डाळीच्या डब्यात, लेकराच्या जुन्या दप्तरात. भिशीत. माहेरी भावाच्या बायकोकडे. कापूस वेचणीच्या मजुरीतले पन्नास, अंडी विकून वीस, दुधाचे दहा.

८ नोव्हेंबर २०१६ नंतरचे दिवस मी काउंटरवर काढले. लांबच लांब रांगा, आणि रांगेत बायका. सुपारीएवढ्या घड्या घातलेल्या पाचशेच्या नोटा माझ्यासमोर उलगडल्या जायच्या. काहींना हळदीचा वास, काहींना रॉकेलचा. एक बाई आली, पदराच्या गाठीत तेवीस नोटा. साडेअकरा हजार रुपये. मी स्लिप भरायला घेतली तेव्हा हळूच म्हणाली, "बाई, रकम मोठ्यानं वाचू नका, मालक रांगेत म्होरं हायेत." मी वाचली नाही. पण पासबुकावर छापली गेली आणि पासबुक घरात राहिलं. दोन महिन्यांनी ती आली आणि सगळे काढून घेऊन गेली. कशासाठी ते मी विचारलं नाही. नवरा बाकड्यावर बसलेला होता. नोटाबंदीनं काळा पैसा किती निघाला यावर देशात भरपूर वाद झाले. माझ्या काउंटरवर जो पैसा निघाला तो काळा नव्हता. घरातल्या पुरुषाला, दिराला, सोयऱ्याला माहीत नसलेला, म्हणूनच टिकलेला पैसा तो होता. आठ-दहा वर्षं जमवलेली गुप्त ठेव एका आठवड्यात उघडी पडली. या बायकांनी पुन्हा शून्यातून सुरुवात केली असेल, काहींनी केलीच नसेल.

आमच्या भागानं असा धक्का पूर्वीही पाहिलेला आहे. माझ्या आजीच्या पेटीत निजामाचा हाली सिक्का होता. १९४८ ला पोलीस ॲक्शन झाली, मराठवाडा मोकळा झाला, तरी पुढे काही वर्षं हाली आणि कलदार, म्हणजे भारत सरकारचा रुपया, दोन्ही चालत. मग हाली गेला. चांदीचे होते ते सोनाराकडे वितळले, नोटा लेकरांच्या खेळात गेल्या. आजीचा त्यानंतर कागदावर कधी विश्वास बसला नाही. ती म्हणायची, ठेवायचं तर ज्वारीत, नाहीतर अंगावर. आता तोळ्याला लाखाच्या वर गेलेला भाव ऐकला की वाटतं, अडाणी म्हणून आपण जिच्याकडे पाहिलं तिचा हिशोब आपल्यापेक्षा पक्का होता. अर्थात सोन्यातही खोट आहेच. अंगावरचं सोनं सगळ्यांना दिसतं, आणि पहिल्या अडचणीत गहाण तेच पडतं.

जुलै २०२४ पासून लाडक्या बहिणीचे दीड हजार सुरू झाले तेव्हा शहाण्या लोकांनी नाकं मुरडली. फुकटची सवय लागेल, पैसा साडीत जाईल. सरकारी तिजोरीवरच्या भाराचा आक्षेप मला समजतो, तो प्रामाणिकपणे तपासायला हवा. पण साडीवाल्या आक्षेपाचा मला राग येतो. आमच्या गावातल्या कितीतरी बायकांच्या आयुष्यात दर महिन्याला येणारी ही पहिली रक्कम आहे. ज्यांच्याकडे महिना येत नव्हता त्यांच्याकडे तो पहिल्यांदा आला. त्यातून कुणी शेळी घेतली, कुणी पोस्टात आरडी उघडली, कुणी हफ्त्यावर शिलाई मशीन आणलं, आणि हो, कुणी साडीही घेतली. मला काळजी आहे ती वेगळ्याच गोष्टीची. यांतली पुष्कळशी खाती घाईघाईत उघडलेली, त्यांना जोडलेला मोबाईल नंबर नवऱ्याचा किंवा पोराचा. पैसे बाईच्या नावावर पडतात आणि मेसेज त्यांच्या खिशात वाजतो. ज्यांना या योजनेबद्दल खरोखर आस्था आहे त्यांनी आधी हे नंबर बदलून द्यावेत.

आता लग्नाबद्दल. हा विषय टाळून पैशाबद्दल आमच्याकडे काहीही बोलणं खोटं ठरेल.

पैठणच्या नाथमहाराजांची एक गोष्ट आम्ही लहानपणी ऐकली. देवगिरीवर जनार्दनस्वामींकडे असताना एका पैचा हिशोब लागेना म्हणून एकनाथ रात्रभर दिवा लावून वह्या तपासत बसले आणि पहाटे चूक सापडली तेव्हा त्यांनी आनंदानं टाळी वाजवली. कॅशिअरच्या नोकरीत ही गोष्ट मला रोज संध्याकाळी आठवायची. ज्या मातीत ही गोष्ट सांगितली जाते तिथे लग्नाचा हिशोब मात्र कुणी मांडत नाही. पेरणीचा मांडतात, दूध डेअरीचा मांडतात, लेकराच्या लातूरच्या क्लासचा रुपयान् रुपया मांडतात. लग्न झालं की 'झालं बाबा एकदाचं' म्हणून वही मिटतात.

मी हे दुसऱ्यांबद्दल बोलत नाही. २०१४ साली माझ्या मुलीचं लग्न मी नऊशे माणसांच्या पंगतीत केलं, त्यासाठी पीएफमधून रक्कम काढली. सगळं कळत असताना केलं. का केलं हे मी नंतर पुष्कळ वेळा स्वतःला विचारलं आहे, आणि उत्तर माझ्या कपाटात आहे. आहेराची वही. तीस वर्षांत आम्हाला कुणी काय घातलं आणि आम्ही कुणाला काय घातलं, तिथी-वारासह. ती वही म्हणजे एक खातंच आहे. आमच्याकडे पाऊस फसवतो, भाव फसवतो, नोट फसवते. फसवत नाहीत ते सोयरे. माझे यजमान दवाखान्यात असताना तीन रात्री जे माझ्याबरोबर व्हरांड्यात झोपले ते त्या वहीतलेच लोक होते. म्हणून गावातला माणूस पंगतीला पैसा घालतो तेव्हा तो सगळाच उधळतो असं मी म्हणणार नाही. एक भाग तो नात्यात ठेवतो, आणि तो कधीतरी परत येतो.

पण त्या पैशातला परत येणारा भाग आता कमी कमी होत चालला आहे. लॉन्सचं भाडं, डीजे, ड्रोन, स्टेजवरची फुलं, लग्नाआधीचं शूटिंग. यातलं काही वहीत लिहिलं जात नाही आणि व्हरांड्यात कुणी झोपायला येत नाही. अन्न आणि माणसं यांवरचा खर्च मला समजतो. धुराच्या मशीनवरचा समजत नाही. माझी बहीण लातूरकडे दिली आहे. त्यांच्याकडे मार्गशीर्षातल्या अमावस्येला येळवस असते. सगळं घर रानात, कडब्याची कोप, भज्जी, उंडे, आंबील. रस्त्यानं जाणाऱ्याला हाक मारून जेवायला बसवतात. पोटभर जेवण, सगळं नातं-गोतं एका जागी, आणि त्यापायी शेत गहाण पडल्याचं मी तरी ऐकलं नाही. आनंदाला आमच्याकडे कधीच एवढा पैसा लागत नव्हता.

आणि हुंडा. १९६१ पासून तो कायद्यानं गुन्हा आहे आणि आजही मुलाच्या नोकरीप्रमाणे त्याचा आकडा ठरतो. मुलगी जन्मली की बाप साठवायला लागतो. २०१५ मध्ये सुकन्या समृद्धी आली तेव्हा आमच्याकडे खाती उघडायला बापांची रांग लागली. मी फॉर्म भरता भरता विचारायची, कशासाठी साठवताय? दहांतले आठ म्हणायचे, लग्नाला होतील. चार वर्षांची पोरगी काउंटरच्या कडेला लोंबकळत असायची आणि तिच्या नावावरचा पैसा एका अनोळखी घरासाठी बाजूला पडायला सुरुवात झालेली असायची. ही बचत आहे असं मला म्हणवत नाही. बीडकडे ऊसतोडीला जाणारी जोडपी मुकादमाकडून उचल घेऊन लेकीचं लग्न करतात आणि पुढचे पाच-सहा महिने ती उचल फेडायला फडात कोयता चालवतात. हा तर अजून न केलेल्या कामाचा, अजून न झिजलेल्या शरीराचा खर्च.

यावर एकट्या-दुकट्या माणसानं निग्रह करून काही होत नाही. एका बापानं साधं लग्न केलं तर त्याची लेक पडून राहील अशी भीती त्याला असते, आणि ती खोटी नसते. हे भावकीनं, गावानं एकत्र बसून ठरवावं लागतं. माणसं किती, जेवणात काय, डीजे नाही, देणं-घेणं नाही. ग्रामसभेत रस्त्याचे ठराव होतात तसा याचाही व्हावा आणि त्याच्या पहिल्या सह्या गावातल्या पैसेवाल्यांच्या असाव्यात. कारण नक्कल नेहमी त्यांचीच होते.

एवढं सगळं पार करून ज्यानं चार पैसे वाचवले, तो ते ठेवतो कुठे? माझ्या धाकट्या भावानं आपली निवृत्तीची रक्कम एका मल्टीस्टेटमध्ये, म्हणजे अनेक राज्यांत चालणाऱ्या सहकारी पतसंस्थेत ठेवली. माझ्याच बँकेत का ठेवत नाही असं मी म्हणाले, तर तो म्हणाला, ताई, तुमची सात टक्के, त्यांची बारा. काचेची शाखा, गणवेशातली मुलं, दारात पाणी विचारणारा माणूस. दोन वर्षांनी शटर खाली आलं. गेल्या काही वर्षांत बीड, जालना, संभाजीनगर भागात अशी शटरं एकामागून एक खाली आली आणि त्यांच्यासमोर म्हातारी माणसं पावत्या घेऊन उन्हात उभी राहिली. बँकेतल्या ठेवीला फेब्रुवारी २०२० पासून पाच लाखांपर्यंत विम्याचं संरक्षण आहे. पतसंस्था आणि मल्टीस्टेट सोसायट्यांना ते नाही. एवढी एकच गोष्ट गेवराईच्या, अंबडच्या माणसाला कुणी वेळेवर सांगितली नाही. मल्टीस्टेटचा निबंधक दिल्लीत बसतो; इथल्या तहसीलदाराकडे गेलं तर तो हात वर करतो. माझी मागणी साधी आहे: अशा प्रत्येक संस्थेच्या दारावर, तिच्या नावाच्याच आकाराच्या अक्षरांत, 'इथल्या ठेवींना विमा नाही' अशी पाटी कायद्यानं सक्तीची करा. भावाला आम्ही आता सांभाळून घेतो. पण त्याच्या सुनेनं परवा मला विचारलं, आत्या, साठवून तरी काय मिळालं? मला तिला उत्तर देता आलं नाही.

२०१५ या एका वर्षात मराठवाड्यात हजारावर शेतकऱ्यांनी आत्महत्या केल्या. प्रकरण पात्र ठरलं तर सरकार त्या घराला एक लाख रुपये देतं. त्यातले ३० हजार हाती, आणि ७० हजार पोस्टात किंवा बँकेत ठेव म्हणून. का, तर सगळी रक्कम रोख दिली तर देणेकरी, दीर, सोयरे ती उरू देणार नाहीत आणि बाईच्या हाती काही लागणार नाही. सरकारला हे नेमकं ठाऊक आहे. अशा ठेवींची कागदपत्रं मी केली आहेत. डोक्यावरचा पदर हनुवटीपर्यंत ओढलेली, पंचविशी-तिशीतली बाई समोर अंगठा देत असते आणि आपण तिला समजावत असतो की ही रक्कम कुणी मागितली तरी मोडायची नाही. हेच वाक्य त्या घराला दोन वर्षं आधी कुणी सांगितलं असतं, आणि तशी ठेव नवरा जिवंत असताना दोघांच्या सहीनं करून दिली असती, तर? आमच्या बँकांकडे वाहनाच्या, घराच्या, पर्यटनाच्या योजना आहेत. सोयाबीनच्या पट्टीतून थेट कापली जाऊन पेरणीला निघेल अशी ठेव नाही.

म्हणून मी निवृत्तीच्या आधीच्या वर्षी एक करून पाहिलं. तो तक्ता मोठ्यानं वाचणारा शेतकरी पुन्हा आला, या खेपेला बायकोला घेऊन. नोव्हेंबर होता. तो म्हणाला, "बाई, चाळीस हजार हायेत. मला देऊ नका. मागितले तरी देऊ नका." मी नियमातली साधी मुदत ठेव केली, दोघांच्या नावावर, दोघांच्या सहीशिवाय न निघणारी. मुदत महिन्यांत न लिहिता दिवस मोजले आणि अशी घातली की मृगाच्या आदल्या दिवशी संपेल. मार्चमध्ये तो एकटा आला. पुतण्याचं लग्न होतं. बाकड्यावर बराच वेळ बसला, मग काउंटरशी आला आणि विचारलं, मोडता येईल का. मी म्हटलं, येईल, बाईंची सही लागेल. तो जरा थांबला, म्हणाला, "ती न्हाई करायची," आणि टोपी नीट करून बाहेर पडला.

जूनच्या पहिल्या आठवड्यात दोघं आले. बाहेर आभाळ भरलेलं होतं. तिनं आधी सही केली, मग त्यानं. नोटा तिनं मोजल्या.